शेवटची तारीख आपल्यालाच का?

वयात बसलो. शिक्षणात बसलो. मार्कांत तर ऐसपैस बसलो. जातीत बसलो नाही.

हसू नका दोस्तांनो. एका महामंडळाच्या भरतीत कागद तपासायच्या टेबलावर मला हेच सांगण्यात आलं. टेबलापलीकडचा माणूस काही वाईट नव्हता. त्यानं माझा जातीचा दाखला उलटसुलट करून पाहिला, सहीखालची तारीख वाचली. मग जाहिरातीची प्रत काढली, तिच्यातली तारीख वाचली. आणि म्हणाला, ‘चार दिवस.’ अर्जाची शेवटची तारीख ३१ ऑगस्ट. माझ्या दाखल्यावर प्रांताची सही ४ सप्टेंबरची. म्हंजे ३१ ऑगस्टला मी दलित नव्हतो, ४ सप्टेंबरला झालो. मधल्या चार दिवसांत मी कोण होतो ते त्या टेबलाला ठाऊक. त्या चार दिवसांत गावी गेलो असतो तर गावानं मला पाटलाच्या पंगतीत बसवलं असतं काय? एकतीस वर्षं जी जात अंगाला चिकटलीय, जिच्यामुळं जळगावात खोली मिळत नाही, आडनाव सांगितलं की घरमालकाला अचानक ‘पाहुणे येणार’ असतात, ती जात सरकारला दिसायला प्रांताची सही लागते. ठीक आहे, लागू दे. पण सही कधी करायची ते कोण ठरवणार?

दाखल्यासाठी मी अर्ज दिला १४ जूनला. पोच आहे, तिच्यावर शिक्का आहे, शिक्क्यात तारीख आहे. सही झाली ४ सप्टेंबरला. ब्याऐंशी दिवस. कचेरीचं नाव घेत नाही, कारण नाव घेतलं की बाकीच्या कचेऱ्या सुटतात. माझं गाव धुळे जिल्ह्यात, अभ्यासिका जळगावात. मध्ये एरंडोल, पारोळा करत नव्वदेक किलोमीटर एसटी. दर खेपेला खिडकीतून एकच उत्तर, ‘सर्व्हर बंद शे भो, सकाय ये.’ खानदेशात सकाय म्हंजे उद्या. हे सकाय मी जूनपासून गणपती येईस्तोवर ऐकलं.

आता लेखाचं खरं कारण सांगतो. आमच्या अभ्यासिकेत आमच्याच वस्तीतला एक दोस्त आहे. त्यानंही त्याच जाहिरातीला अर्ज केला होता. त्याच्या पदवीचा शेवटच्या वर्षाचा निकाल शेवटच्या तारखेनंतर दहा दिवसांनी लागला. तोही अपात्र. रात्री चहाच्या टपरीवर तो म्हणाला, ‘तुझे चार दिवस, माझे दहा दिवस. दोघं मिळून केस टाकू.’ मी म्हटलं, नाही. तुझी केस वेगळी आहे आणि तुझ्या केसमध्ये कोर्ट बरोबर आहे. त्यानं चहाचा ग्लास ठेवला आणि उठून गेला. आज तीन महिने झाले, शेजारच्या खुर्चीवर बसून तो माझ्याशी बोलत नाही. हा लेख अर्धा त्याच्यासाठी आहे.

तर ऐक. १९८२ साली जम्मू-काश्मीरमध्ये ज्युनिअर इंजिनिअरांची भरती निघाली. अर्जाची मुदत जुलैत संपली. काही उमेदवारांचा निकाल ऑगस्टात लागला. मुदतीच्या दिवशी पदवी नव्हती, मुलाखतीच्या दिवशी होती. त्यांना मुलाखतीला बसू दिलं, नेमलं. भांडण सुप्रीम कोर्टात गेलं. १९९३ साली तिथल्या बहुमतानं म्हटलं, चालेल, मुलाखतीला पदवी होती ना, झालं. १९९७ साली तीन न्यायाधीशांनी तो निकाल फिरवून चुकीचा ठरवला. अशोक कुमार शर्मा खटला म्हणून वकील लोक तो सांगतात. कोर्टाचं म्हणणं असं, की जाहिरात हे साऱ्या जगाला दिलेलं वचन असतं. तिच्यात लिहिलंय की अमुक तारखेला पदवी पाहिजे. ते वाचून ज्यांनी प्रामाणिकपणे अर्जच केला नाही, त्यांचं काय? आतून सूट मिळणार आहे हे त्यांना कळलं असतं तर त्यांनीही अर्ज केला नसता का?

आता तू मला सांग, तो अर्ज न करता घरी बसलेला पोरगा कोण? ज्याचा मामा खात्यात आहे तो घरी बसत नाही. त्याला मामा सांगतो, ‘टाकून ठेव अर्ज, बघू नंतर.’ घरी बसतो तो साक्री-शिरपूरकडचा, चोपड्या-यावलकडचा, घरातला पहिला पदवीधर. त्याला कुणी सांगणारं नसतं. त्याच्यासाठी छापलेलं अक्षर म्हंजे कायदा. टेबलावर सूट द्यायची सवय लागली की ती सूट ओळखीवाल्यालाच मिळते, आणि ओळखीच्या बाजारात आपला गल्ला रिकामा आहे. म्हणून मी तारखेच्या बाजूनं आहे. घट्ट आहे. २००० साली पंजाबच्या एका भरती खटल्यात कोर्टानं क्रमही लावून दिला: नियमात तारीख असेल तर ती, नियमात नसेल तर जाहिरातीतली, जाहिरातीतही नसेल तर अर्जाचा शेवटचा दिवस. आणि ७ नोव्हेंबर २०२४ ला पाच न्यायाधीशांच्या घटनापीठानं राजस्थानच्या तेज प्रकाश पाठक खटल्यात सांगितलं, की भरती सुरू झाली की मध्येच पात्रतेचे नियम बदलायचे नाहीत, मूळ नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा असेल तरच. हे निकाल आपल्या कामाचे आहेत. ते फेकून देऊ नका.

तुझी तक्रार खोटी नाही. निकाल उशिरा लावणाऱ्यांना जाब विचारलाच पाहिजे. पण त्याचा उपाय म्हंजे सगळ्यांचे निकाल लागल्यावर पुढची तारीख धरून जाहिरात काढा, सगळ्यांना सांगून काढा. तुझ्या एकट्यासाठी टेबलावर कानाडोळा करा, हा उपाय नाही.

आता माझ्या चार दिवसांकडं या.

पदवी ही मिळवायची गोष्ट आहे. ती एका दिवशी नसते, दुसऱ्या दिवशी असते. जात मिळवायची गोष्ट आहे काय? मी जन्मलो त्या क्षणी पात्रता पूर्ण झाली, माझी इच्छा असो की नसो. दाखला हा नुसता पुरावा. पात्रता असणं आणि पात्रतेचा कागद हातात असणं, या दोन गोष्टी वेगळ्या, हे कोर्टानंही म्हटलंय. २००५ साली ओरिसातल्या डॉली छंदा खटल्यात म्हटलं. तिथं मेडिकलच्या प्रवेशाचा प्रश्न होता. २०१६ साली दिल्लीच्या राम कुमार गिजरोया खटल्यात तर सरळ जातीच्या दाखल्यावरच प्रश्न आला. नर्सच्या जागेला ओबीसीतून अर्ज, दाखला मुदतीनंतर आणला, म्हणून नाव कापलं. कोर्टानं त्याच्या बाजूनं निकाल दिला. मागासवर्गीयांसाठी जागा राखल्या कशासाठी, याचाच विसर पडेल अशा तऱ्हेनं कागदाची तारीख धरून बसू नका, असा त्याचा अर्थ.

पण फसू नका, कोर्ट दोन्हीकडं बोललेलं आहे. २०२३ साली दिव्या खटल्यात, आर्थिक दुर्बल घटकाच्या दाखल्यावर, कोर्टानं तारीख घट्ट धरली. लोकसेवा आयोगानं सांगितलेल्या तारखेपर्यंत कागद नाही, तर सवलत नाही. आमचे काही वकील आता आपल्या पोरांनाही हाच निकाल दाखवून घाबरवतात. त्यांना विचारा, उत्पन्न दर वर्षी बदलतं, जात कुठल्या वर्षी बदलली? उत्पन्नाला अमुक एक वर्ष लागतं, ते वर्ष तपासायला अमुक एक दिवस लागतो, हे समजू शकतं. माझी जात कुठल्या आर्थिक वर्षातली आहे?

शिवाय यात अजून एक मेख आहे, ती कुणी बोलत नाही. महाराष्ट्रात जातीचा दाखला मिळाला म्हंजे काम संपलं असं नाहीच. २००० सालचा कायदा, जो २००१ पासून लागू झाला, तो सांगतो की सक्षम अधिकाऱ्यानं दिलेला दाखलासुद्धा पडताळणी समितीनं वैध ठरवल्याशिवाय पक्का नाही. म्हंजे खरी तपासणी पुढंच आहे. निवडीनंतर समिती आजोबा-पणजोबांपर्यंत खणणारच आहे. मग पहिला कागद चार दिवस उशिरा आला म्हणून कुणाचं काय बुडालं? स्पर्धेत मला जादा काय मिळालं? पदवीवाल्याला मुदतीनंतर पदवी मिळाली तर त्याच्या अंगी नवं काहीतरी आलेलं असतं. मला ४ सप्टेंबरला नवं काय मिळालं? एक शिक्का.

‘बोगस लोक घुसतील,’ असं लगेच म्हणतात. बोगसांचा जेवढा मार आपण आणि आदिवासींनी खाल्लाय तेवढा दुसऱ्या कुणी खाल्लेला नाही. १९९४ च्या माधुरी पाटील खटल्यात सुप्रीम कोर्टानं पडताळणीची सगळी पद्धत घालून दिली, ती बोगस आदिवासी दाखल्यावरूनच. २०१७ साली बहिरा खटल्यात सांगितलं, दाखला खोटा ठरला की नोकरी गेली, कितीही वर्षं झालेली असोत. चांगलं झालं. पण बोगस माणसाकडं एक गोष्ट नेहमी असते. त्याचे कागद वेळेवर तयार असतात.

खऱ्याचे का नसतात ते माझ्या घरी या, दाखवतो.

अनुसूचित जातीसाठी सरकारची मानीव तारीख १० ऑगस्ट १९५०. त्या दिवशी किंवा त्याआधी तुमचं घराणं महाराष्ट्रातलं, अमुक जातीचं, असा कागद आणा. बापाचा आणा, आजोबाचा आणा, शाळा सोडल्याचा दाखला आणा. माझ्या आजोबानं शाळा सोडली नाही, कारण शाळेनं त्याला धरलंच नव्हतं. शाळेच्या दाखल्यावर माझी जात होती, तेवढ्यावर माझं बारावी आणि बीए निघालं. प्रांताच्या सहीचा दाखला नाही म्हणून स्कॉलरशिप सुटली. तेव्हा हमाली केली, केळीचे घड ट्रकात भरले, जळगावला त्याची कमी नाही. पण नोकरीला तो दाखला पाहिजेच. मग सुरू झाला शोध. कोतवाल बुकाची नक्कल काढा, गाव नमुना १४ बघा. जन्ममृत्यूचं ते रजिस्टर. त्यात आजोबाचं नाव निघालं तर ‘तुकड्या’सारखं काहीतरी, बापाचं नाव अर्धं, आडनाव नाही, आणि पान उंदरानं खाल्लेलं. शेवटी कागद कुठला निघाला? महार वतनाचा.

थांबा इथं. १९ मार्च १९२८ ला बाबासाहेबांनी मुंबईच्या कायदे मंडळात वतनाच्या कायद्यात दुरुस्ती करायचं विधेयक मांडलं होतं. वतन म्हंजे बाराही महिने, चोवीस तास राबणूक. बदल्यात जमिनीचा तुकडा आणि भाकरतुकडा. त्या वतनातून आपला माणूस सोडवायला बाबासाहेब झगडले. १९५८ साली कनिष्ठ वतनं रद्द करायचा कायदा झाला. आणि आज त्याच वतनाचा कागद हा माझ्या जातीचा सगळ्यात पक्का पुरावा. पणज्याच्या गुलामीची पावती दाखव, म्हंजे नातवाला परीक्षेला बसायला मिळेल. मी ती पावती लॅमिनेट करून ठेवलीय. काय करू, फाडू?

हीच १० ऑगस्ट १९५० ची तारीख आमच्या घराला दुसऱ्यांदाही नडली. त्या दिवशीच्या राष्ट्रपतींच्या आदेशात लिहिलं होतं की हिंदू धर्म सोडून दुसरा धर्म मानणारा अनुसूचित जातीत धरला जाणार नाही. शिखांना १९५६ साली त्यात घेतलं. त्याच १९५६ च्या ऑक्टोबरात आपण नागपूरला बुद्धाकडं गेलो. महाराष्ट्र राज्य झाल्यावर राज्यानं नवबौद्धांच्या सवलती चालू ठेवल्या, पण केंद्राचा दरवाजा बंद राहिला. तो उघडला १९९० साली. चौतीस वर्षं! भुसावळात वाढलेला माझा काका त्या चौतीस वर्षांत तरुण झाला आणि त्याच चौतीस वर्षांत म्हातारपणाकडं लागला. केंद्राच्या एका खात्यात त्यानं अर्ज केला, धर्माच्या रकान्यात अभिमानानं ‘बौद्ध’ लिहिलं. अर्ज परत. शेजारच्या घरातल्यानं ‘हिंदू महार’ लिहिलं, तो लागला. काकानं दुसऱ्यांदा अर्ज केला, पुन्हा ‘बौद्ध’च लिहिलं. आजी त्याला म्हणायची, ‘लिखी दे ना रे भाऊ, कागदवर काय जास?’ त्यानं नाही लिहिलं. १९९० चा कायदा झाला तेव्हा काकाचं वय उलटून गेलेलं. पात्र झाला, पण तारखेनंतर. मी चार दिवसांनी चुकलो. काकाला कायदाच चौतीस वर्षं चुकला.

आता तुम्ही म्हणाल, मग बाबासाहेबांनी काय मागितलं होतं? राखीव टक्के सगळ्यांच्या तोंडपाठ असतात. पण टक्क्यांच्या खाली काय लिहिलंय ते वाचलंय का? व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात असताना २९ ऑक्टोबर १९४२ ला बाबासाहेबांनी अस्पृश्यांच्या गाऱ्हाण्यांचं निवेदन दिलं. त्यावरून ऑगस्ट १९४३ चा सरकारी ठराव निघाला. त्यात जागा होत्या ८⅓ टक्के. आणि त्याच ठरावात आणखी दोन गोष्टी होत्या: कमाल वयाची अट तीन वर्षांनी वाढवली, आणि परीक्षेची फी चौथाईवर आणली. बाबासाहेबांना ठाऊक होतं की नुसती जागा राखून भागत नाही. जागेपर्यंत पोचायला आपल्या पोराला वेळ जास्त लागतो आणि खिशात पैसा कमी असतो. वेळ आणि पैसा, दोन्हींचा हिशेब त्यांनी एकाच कागदावर मांडला.

१९४३ ची चौथाई आठवा आणि २०२३ ची तलाठी भरती आठवा. खुल्या वर्गाला फी १००० रुपये, आपल्याला ९००. शंभराची खैरात! जागा साडेचार हजारांच्या घरात आणि अर्ज दहा लाखांच्या वर. हिशेब तुम्हीच करा. जिल्हा परिषदेच्या भरतीतही तोच दर, आणि दोन पदांना अर्ज केला तर दोनदा भरा. माझ्या खोलीतल्या एकानं त्या वर्षी फीसाठी मोबाइल विकला आणि मग हॉलतिकीट काढायला माझा मागितला.

वेळेचं म्हणाल तर तोही हिशेब कोर्टानं एकदा मान्य केलाय. केरळात कारकुनांना बढतीसाठी खात्याच्या परीक्षा पास व्हाव्या लागायच्या. अनुसूचित जाती-जमातीच्या कारकुनांना सरकारनं त्या पास व्हायला दोन वर्षं जादा दिली. ५१ बढत्या झाल्या, त्यातल्या ३४ आपल्या लोकांना. झाली बोंब. हायकोर्टानं ती सूट उडवली. सुप्रीम कोर्टात सात न्यायाधीश बसले आणि १९ सप्टेंबर १९७५ ला पाच विरुद्ध दोन असा निकाल लागला: सूट बरोबर आहे, समानतेत बसते. एन. एम. थॉमस खटला. परीक्षा माफ केली नव्हती, मुदत वाढवली होती. मुदत वाढवणं हाही समतेचा भाग असू शकतो, हे त्या निकालात आहे. आपल्या शिबिरांत हा खटला शिकवायला पाहिजे. मला तो बीए होईस्तोवर कुणी सांगितला नव्हता.

पण सूट एकीकडं ठेवा. मी आज सूट मागतच नाहीये. मी विचारतोय की शेवटची तारीख फक्त आपल्यालाच का?

सरकारच्या बाजूला बघा. ४ मे २०२० ला करोनाच्या नावानं राज्यानं नवी भरती बंद केली. आरोग्य आणि वैद्यकीय शिक्षण तेवढं सोडलं. पोरांचं वय थांबलं का? नाही थांबलं. २०२१ साली आरोग्य खात्याचे पेपर फुटले, परीक्षा गेल्या. वय चालूच. त्याच साली जूनमध्ये पुण्याजवळ फुरसुंगीत चोवीस वर्षांच्या एका पोरानं जीव दिला. तो लोकसेवा आयोगाची मुख्य परीक्षा पास होता आणि दीड वर्ष मुलाखतीचं बोलावणं आलं नव्हतं. मुलाखत अमुक तारखेपर्यंत घेतलीच पाहिजे असं आयोगावर बंधन होतं का? नव्हतं. वयाची अट २०१६ साली खुल्या वर्गाला ३८, मागासवर्गाला ४३ केली, आणि ३ मार्च २०२३ ला आणखी दोन वर्षांची सूट दिली, तीही त्या वर्षाच्या डिसेंबरअखेरपर्यंतच्या जाहिरातींपुरती. म्हंजे मनात आणलं तर तारीख हलते. हजारो पोरं रस्त्यावर आली की हलते. खिडकीवर एकटा उभा राहिला तर हलत नाही.

दाखल्यांच्या बाबतीत तर कायदासुद्धा आहे. २०१५ चा लोकसेवा हक्क कायदा. सेवा किती दिवसांत द्यायची ते जाहीर करायचं, उशीर झाला तर वरच्या साहेबाकडं अपील, आणि दोष सिद्ध झाला तर अधिकाऱ्याला ५०० ते ५००० रुपये दंड. त्याच्या उशिराची किंमत जास्तीत जास्त पाच हजार. माझ्या चार दिवसांची किंमत एक आख्खी नोकरी, आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन, आणि धाकटीचं नर्सिंग. आणि मजा बघा, माझे चार दिवस हे माझे नव्हतेच. ते त्यांचेच होते. कचेरीनं उशीर केला आणि महामंडळानं त्या उशिराची शिक्षा मला दिली. सरकारचा डावा हात मला अडवतो आणि उजवा हात विचारतो, का रे उशीर केलास?

मी मागतोय ते फार नाही. प्रत्येक जाहिरातीत एक ओळ छापा: ज्यानं अर्जाच्या शेवटच्या तारखेआधी जातीच्या दाखल्यासाठी अर्ज केला आहे आणि ज्याच्याकडं त्याची तारखेची पोच आहे, त्याचा अर्ज स्वीकारला जाईल, दाखला कागद तपासणीच्या दिवसापर्यंत चालेल. सगळ्यांना आधी सांगून, सगळ्यांना सारखं. म्हंजे अशोक कुमार शर्मा निकालातली तक्रारही उरत नाही, घरी बसलेल्या पोराचाही हक्क जात नाही. दाखला नाकारला गेला तर नाव कापा, हरकत नाही. तारीख राहील, तारखेचा धाकही राहील. फक्त तो कचेरीलाही बसेल.

ही ओळ आपोआप छापून येणार नाही. दाखला आपल्या हातात नसतो, पोच आपल्या हातात असते. कितीतरी पोरं पोच घेतच नाहीत. खिडकीवरचा म्हणतो, ‘ठेवून जा,’ आणि आपण साहेबावर उपकार केल्यासारखे ठेवून येतो. ऑनलाइन भरलं तर टोकन नंबराचा कागद काढत नाहीत, दहा रुपये वाचवतात. आणि अपात्र ठरलात तर रडत बसू नका, दिवस मोजा. राज्याच्या नोकरीचं भांडण असेल तर प्रशासकीय न्यायाधिकरणाकडं आदेशापासून एक वर्षाच्या आत जावं लागतं. तिथंही शेवटची तारीख आहेच! महामंडळाचं असेल तर बहुतेक वेळा हायकोर्टाचं खंडपीठ, आपल्या दोन्ही जिल्ह्यांना औरंगाबादचं, शहराचं नाव आता छत्रपती संभाजीनगर. मी तिथंच चाललोय. वकील आपल्यातला आहे, फी हप्त्यानं घेतो. जिंकेन की नाही ते मला ठाऊक नाही. जाहिरातीत ‘दाखला शेवटच्या तारखेपूर्वीचा असावा’ अशी ओळ होती, आणि समोरचा वकील तीच ओळ वाचणार हे मला आत्ताच ऐकू येतंय.

या ३१ जुलैला लळिंगच्या लांडोर बंगल्यावर आपले लोक दरसालाप्रमाणं जमतील. १९३७ साली बाबासाहेब खटल्याच्या कामाला धुळ्यात आले तेव्हा तिथं राहिले होते. त्याच्या आठ वर्षं आधी, १९२९ साली, धुळ्याहून परतताना चाळीसगावला तांगेवाल्यांनी त्यांना तांग्यात घ्यायला नकार दिला. वस्तीतल्या लोकांनी आपल्यातलाच एक माणूस तांगा हाकायला बसवला, त्याला हाकता येत नव्हतं, तांगा उलटला आणि बाबासाहेबांचा पाय मोडला. खटल्याच्या कामासाठी ते तरीही पुन्हा आले. आम्ही त्या दिवशी तिथं पायथ्याशी एक टेबल मांडणार आहोत. जळगाव आणि धुळे, दोन्ही जिल्ह्यांतल्या ज्यांचे दाखले अडकलेत, ज्यांची नावं तारखेवरून कापली गेलीत, त्यांनी पोच, जाहिरातीची प्रत आणि अपात्रतेचा कागद घेऊन या. झेरॉक्स आणा, मूळ कागद कुणाच्याही हातात देऊ नका, आमच्यासुद्धा. यादी करायची आहे, प्रत्येकाच्या अर्जाची तारीख आणि सहीची तारीख शेजारी-शेजारी लिहायची आहे.

आणि तू, शेजारच्या खुर्चीवरच्या दोस्ता, तूही ये. तुझी केस मी लढणार नाही, ते टपरीवर सांगितलंय. पण दोन तारखांमधले दिवस मोजायला एक माणूस कमी पडतोय, आणि तुझं गणित माझ्यापेक्षा बरं आहे.